काढा, अर्क आणि आसव : घरगुती औषधातील नशेचा प्रश्न

मार्चअखेरीस मेळघाटात मोह फुलतो. पहाटे झाडाखाली पडलेली मांसल, फिकट पिवळी फुले धारणी आणि चिखलदरा तालुक्यांतील कोरकू कुटुंबे टोपल्यांत वेचतात, अंगणात वाळवतात आणि पुढे कित्येक महिने पुरवतात. वाळलेल्या फुलांत निम्म्याहून अधिक भाग साखरेचा असतो. ती उकडून खातात, पिठात मिसळतात. हीच फुले भिजवून, आंबवून भट्टीवर चढवली की त्यांची दारू होते. झाड एक, फूल एक. पण त्यातून निघणाऱ्या वस्तू दोन. दिव्य कुरआनच्या ‘अन्-नहल’ या अध्यायातील ६७ वी आयत खजूर आणि द्राक्षांविषयी नेमके हेच सांगते की, माणूस या फळांपासून नशेची वस्तूही बनवतो आणि उत्तम अन्नही मिळवतो. ही आयत मक्केतील आहे. तेव्हा दारूबंदीचा आदेश आलेला नव्हता. तरीही नशेच्या वस्तूचा उल्लेख उत्तम अन्नापासून वेगळा केलेला आहे, ही गोष्ट भाष्यकारांनी आवर्जून दाखवून दिली आहे.

वऱ्हाडातील मुस्लिम घरांत दारू गाळली जात नाही. पण प्रश्न दुसऱ्या दाराने घरात येतो. बाळंतिणीला दशमूलारिष्ट द्यावे काय? लवंग, दालचिनी, जायफळ, ओवा घालून मुरवलेल्या ब्रँडीचे दोन थेंब सर्दीवर चालतात, असे कोणी जाणत्याने सांगितले तर काय करावे? ओव्याचा अर्क आणि दारूचा अर्क एकाच नावाने ओळखले जातात, मग दोन्ही सारखेच समजावेत काय? अमरावती, अचलपूर, अकोट, अकोला येथील काष्ठौषधींच्या दुकानांत काढा, अर्क, आसव आणि अरिष्ट एकाच फळीवर मांडलेले असतात. शरीअतच्या दृष्टीने मात्र ते एका फळीवरचे नाहीत.

प्रथम मूळ आदेश पाहू. ‘अल-माइदा’ या अध्यायाच्या ९० व्या व ९१ व्या आयतींत दारूला जुगार आणि मूर्तिस्थानांच्या पंक्तीत बसवून तिच्यापासून दूर राहण्याची आज्ञा दिली आहे. ही आज्ञा पोहोचली तेव्हा मदीनेत ह. अबू तलहा (रजि.) यांच्या घरी ह. अनस (रजि.) पेय वाढत होते. ते पेय बाजारातून आणलेले नव्हते. कच्ची-पक्की खजूर ठेचून घरीच आंबवलेले ते ‘फदीख’ होते, आणि त्यात द्राक्षाचा अंशही नव्हता. घोषणा ऐकताच ते रस्त्यावर ओतून देण्यात आले. ‘खम्र म्हणजे केवळ द्राक्षाची दारू’ असा अर्थ त्या बैठकीतील कोणीही घेतला नाही. पुढे ह. उमर (रजि.) यांनी आपल्या प्रवचनात द्राक्ष, खजूर, मध, गहू आणि जव या पाच वस्तूंची नावे घेऊन स्पष्ट केले की, जे बुद्धीला झाकते ते खम्र. मोहाचे नाव त्या यादीत नाही, कारण मोह अरबस्तानात नाही. निकष मात्र त्यालाही लागू पडतो.

आता औषधाचा मुद्दा. ह. तारिक बिन सुवैद (रजि.) यांनी आदरणीय प्रेषितांना (स.) दारूविषयी विचारले आणि मनाई झाल्यावर ‘मी ती औषधासाठी बनवतो’ अशा आशयाचे कारण दिले. सहीह मुस्लिममधील या हदीसनुसार त्यांना उत्तर मिळाले की, ती औषध नसून रोग आहे. अबू दाऊदमध्ये ह. दैलम हिम्यरी (रजि.) यांचा प्रश्न आला आहे, आणि तो वाचताना चिखलदऱ्याचा हिवाळा डोळ्यांसमोर येतो. आमचा प्रदेश थंड आहे, कष्ट भारी आहेत, थंडीशी झुंजायला आम्ही गव्हाचे पेय करतो, असे त्यांनी सांगितले. प्रेषितांनी (स.) एकच विचारले: त्याने नशा येते काय? होकार मिळताच ते टाळण्याची आज्ञा झाली. लोक ते सोडणार नाहीत, असेही त्यांनी सांगून पाहिले. उत्तर बदलले नाही. थंडीची सबब नवी नाही. शरीरशास्त्रही तिच्या बाजूने नाही. मद्याने कातडीखालील रक्तवाहिन्या सैलावतात, म्हणून ऊब आल्याचा भास होतो. प्रत्यक्षात शरीरातील उष्णता त्याच वाटेने बाहेर निघून जाते. बाळाला वा बाळंतिणीला ब्रँडी ‘उबेसाठी’ देणे हे शरीअतच्या दृष्टीने चुकीचे आहेच, वैद्यकाच्या दृष्टीनेही घातक आहे. तीत लवंग-जायफळ मुरवल्याने मूळ द्रव बदलत नाही. मसाल्यातील सुगंधी तेले मद्यात उतरतात, मद्य मात्र मद्यच राहते.

आसव-अरिष्टांचे प्रकरण याहून नाजूक आहे, म्हणून तेथे थोडे थांबावे लागेल. अरिष्टात वनस्पतींचा काढा करतात, आसवात बहुधा न उकळता भिजवतात. दोन्हींत गूळ किंवा मध मिसळून वर धायटीची फुले टाकतात. धायटी सातपुड्याच्या उतारांवर आपोआप उगवणारे लाल फुलांचे झुडूप आहे. त्या फुलांसोबत किण्व, म्हणजे यीस्ट, भांड्यात जाते. तोंड बंद करून भांडे साधारण महिनाभर ठेवतात. यीस्ट साखर खाते आणि तिचे मद्यार्क व कर्बवायू यांत रूपांतर करते. द्रवात वनस्पतीचे गुण ओढून घेण्याचे आणि औषध टिकवण्याचे काम हेच मद्यार्क करते. बाटलीवर ‘स्वयंजनित मद्यार्क’ असे शब्द आणि शेकड्याचे प्रमाण छापलेले असते. बहुधा ते ५ ते १० टक्क्यांच्या आसपास असते. ‘स्वयंजनित’ या शब्दाने पुष्कळांचा गैरसमज होतो. बाहेरून घातले काय आणि आत तयार झाले काय, मद्यार्क तेच. खजुराच्या फदीखमध्येही ते आतच तयार झाले होते.

एक हिशेब मांडून पाहू. ४५० मिलिलिटरच्या बाटलीत ८ टक्के मद्यार्क असेल तर एकूण ३६ मिलिलिटर शुद्ध मद्यार्क झाले. बाजारातील व्हिस्कीत ते ४२.८ टक्के असते. तिच्या ६० मिलिलिटरच्या एका मापात सुमारे २६ मिलिलिटर भरते. म्हणजे अख्खी बाटली एका बैठकीत पिणाऱ्याच्या पोटात व्हिस्कीच्या त्या मापाहून अधिक मद्यार्क जाईल. २० मिलिलिटरच्या एका मात्रेत मात्र ते दीड मिलिलिटरच्या आसपास असते आणि त्याने कोणाला नशा चढत नाही. ज्या वस्तूची मोठी मात्रा नशा आणते तिची अल्प मात्राही निषिद्ध, ही अबू दाऊद व तिरमिजीमधील सुप्रसिद्ध हदीस या ठिकाणी समोर येते.

धर्मशास्त्रज्ञांत येथे मतभेद आहेत. इमाम अबू हनीफा आणि इमाम अबू यूसुफ (रह.) यांनी द्राक्ष-खजुराच्या मद्यांत आणि इतर वस्तूंच्या पेयांत भेद केला होता. इमाम मुहम्मद (रह.) यांनी बहुसंख्य इमामांप्रमाणे नशा आणणाऱ्या प्रत्येक पेयाचा थोडा वा अधिक, सर्व अंश निषिद्ध मानला. वऱ्हाडातील बहुतेक मुस्लिम हनफी आहेत आणि उत्तरकालीन हनफी विद्वानांनी पिण्याच्या बाबतीत इमाम मुहम्मद यांच्याच मतावर फतवा दिला आहे. उपचाराची निकड असेल, जाणकार वैद्याने सांगितले असेल आणि दुसरे निर्दोष औषध उपलब्ध नसेल, तर मद्यार्क असलेल्या औषधाला अनेक समकालीन विद्वान सवलत देतात. ही सवलत खरी आहे आणि आजाऱ्याने तिचा उपयोग करताना मनात अपराधभाव बाळगू नये. पण दशमुळांच्या बाबतीत ‘दुसरे औषध नाही’ हे म्हणता येते काय? माझ्या मते येत नाही. त्याच दहा मुळांची भरड त्याच दुकानात मिळते. वैद्याने सांगितलेली मात्रा घेऊन आठ ते सोळा पट पाण्यात मंद आचेवर चौथा हिस्सा उरेपर्यंत आटवली की ताजा काढा तयार होतो. तो त्याच दिवशी संपवावा लागतो, रोज करावा लागतो आणि कडू लागतो. अडचण काय ती एवढीच. बाटलीच्या सोयीला शरीअतमध्ये निकड म्हणत नाहीत.

कायद्याने या प्रश्नाला कसा हात घातला हेही पाहण्यासारखे आहे. १९४९ च्या मुंबई दारूबंदी अधिनियमावर बलसारा खटला चालला. १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने औषधी व प्रसाधनाच्या मद्यार्कयुक्त वस्तूंवरील बंदीचा भाग रद्द ठरवला. बाकीची दारूबंदी बहुतांशी कायम ठेवली. औषध आणि नशा यांतील रेषा न्यायालयालाही आखावी लागली. घरी परवान्याशिवाय दारू गाळणे मात्र आजही गुन्हा आहे. २०१५ मध्ये मुंबईत मालवणी येथे विषारी दारूने शंभराहून अधिक माणसे गेली, ती बहुतेक गरीब वस्तीतील होती.

आता अर्काकडे वळू. ‘अरक’ या अरबी शब्दाचा मूळ अर्थ घाम. तापलेल्या भांड्याच्या झाकणावर घामासारखे थेंब जमतात म्हणून हे नाव पडले. गाळण्याच्या यंत्राला अरबीत ‘अंबीक’ म्हणतात. जाबिर बिन हय्यान यांच्या नावाशी ही विद्या जोडली जाते आणि नवव्या शतकात अल-किंदी यांनी सुगंधी द्रव्ये गाळण्यावर ग्रंथ लिहिला. ‘अल्कोहोल’ हा शब्ददेखील अरबी ‘अल-कुहल’, म्हणजे सुरमा, यावरून आला. बारीक कुटलेल्या पुडीचे हे नाव पुढे युरोपात कोणत्याही वस्तूच्या काढलेल्या सत्त्वाला आणि शेवटी मद्यार्काला मिळाले. नाव एका वस्तूचे आणि चिकटले दुसरीला! यूनानी हकिमांचे बडीशेपेचे, ओव्याचे, गुलाबाचे अर्क दारू नव्हेत. तेथे काहीही आंबवलेले नसते. वनस्पती पाण्यात भिजवून उकळतात, वाफ थंड करून पाणी गोळा करतात. त्यात वनस्पतीचे उडनशील तेल तेवढे उतरते. दारूच्या भट्टीत आधीच आंबलेला द्रव असतो आणि त्यातील मद्यार्क ७८ अंशांवरच उकळत असल्याने वाफेत तेच आधी निघते. यंत्र एकच असले तरी आदेश यंत्राला लागत नाही. प्रेषितांनी (स.) आरंभी दुधी भोपळ्याची व डांबर लावलेली भांडी वापरण्यास मनाई केली होती, कारण त्यांत पेय नकळत आंबत असे. पुढे ही मनाई उठवून कोणत्याही भांड्यातून प्या, नशा आणणारे मात्र पिऊ नका, असे सांगितले.

रमजानमध्ये पुष्कळ घरांत खजूर वा मनुका भिजवून नबीज करतात. ही सुन्नत आहे. ह. आयेशा (रजि.) सांगतात की, सकाळी भिजवलेले प्रेषित (स.) संध्याकाळी पीत आणि संध्याकाळी भिजवलेले सकाळी. ह. इब्ने अब्बास (रजि.) यांच्या कथनात तिसऱ्या दिवसाच्या संध्याकाळपर्यंतची मुदत आली आहे. येथे वऱ्हाडकरांनी सावध असावे. अकोल्याचा मे महिना ४५ अंश ओलांडतो, आणि अशा उष्म्यात गोड पाणी एका दिवसातही आंबू शकते. तीन दिवसांचा आकडा हा नशेच्या निकषावर मात करणारा परवाना नव्हे. नबीज फ्रिजमध्ये ठेवावे आणि बारा तासांत संपवावे. फेस येणे, आपोआप बुडबुडे उठणे, झाकण काढताच फस्सकन वायू सुटणे, चव तिखट होणे, ही लक्षणे दिसली की ओतून द्यावे. जुन्या हनफी ग्रंथांतही रस उसळणे, तीव्र होणे आणि फेस टाकणे याच खुणा दिल्या आहेत. प्रेषितांच्या (स.) रोजासाठी ह. अबू हुरैरा (रजि.) यांनी भोपळ्यात नबीज करून ठेवले होते, ते उसळताना पाहून ते भिंतीवर फेकून देण्यास सांगण्यात आले. त्यांनी ते प्रेमाने बनवले होते, हे लक्षात घेतले म्हणजे निर्णयाची कडक बाजू कळते. गुलकंदाची मात्र भीती नको. त्यात साखर इतकी दाट असते की किण्वाला जगताच येत नाही, मुरंब्याचेही तेच.

राहता राहिला सिरका. जांभळाचा वा उसाचा रस बरणीत ठेवला की तो आधी आंबतो, मग हवेतील जंतू त्यातील मद्यार्काचे आम्ल करतात. मधल्या काळात तो पिण्यास निषिद्ध, आपोआप पूर्ण सिरका झाल्यावर सर्वांच्या मते हलाल, आणि प्रेषितांनी (स.) तर सिरक्याची उत्तम कालवण म्हणून प्रशंसा केली आहे. दारूत मीठ वा अन्य काही घालून तिचा सिरका करावा काय, याविषयी हनफी होकार देतात आणि शाफई नकार देतात. अनाथांच्या वाट्याला आलेल्या दारूचा सिरका करू काय, या ह. अबू तलहा (रजि.) यांच्या प्रश्नाला मिळालेला नकार शाफई पुढे करतात. कोकणातून वऱ्हाडात नांदायला आलेल्या शाफई सुनेच्या आणि हनफी सासूच्या स्वयंपाकघरात हा मतभेद उभा राहू शकतो. जांभळाच्या रसात काहीही न मिसळता बरणी उन्हापासून दूर ठेवावी आणि आंबूस तीक्ष्ण वास पुरता स्थिरावेपर्यंत थांबावे; त्या सिरक्यावर दोघींचे एकमत आहे.