सरकारी जमिनीवर कब्जा केल्याची नोटीस आली तर

लालबाग-परळच्या वखारी असोत, गिरगावातील गाळे असोत की दादरची दुकाने, आम्हा व्यापाऱ्यांच्या पुष्कळ जागा वाडवडिलांपासून चालत आल्या आहेत. कोणता माल कुठे ठेवला ते आम्हाला तोंडपाठ असते; जागेचे कागद कुठे आहेत ते मात्र ठाऊक नसते. मग एक दिवस नोटीस येते : तुमच्या वखारीची मागची बाजू सरकारी जमिनीवर आहे, खुलासा करा. कोणी घाबरून दंड भरतो, कोणी नोटीस गल्ल्यात टाकून विसरतो. दोन्हींत नुकसान आहे. दंडाची पावती उद्या कबुली म्हणून पुढे येऊ शकते आणि उत्तर दिले नाही तर एकतर्फी हुकूम होतो.

नोटीस कोणाची?

आधी हे पाहावे. कलेक्टर, महापालिका, रेल्वे आणि बंदर ही चार वेगळी खाती आहेत. रेल्वे व बंदराच्या जागांना 1971 चा केंद्राचा कायदा लागतो. त्यात जागा खाली करण्याचा हुकूम झाला तर अपिलाची मुदत फक्त 12 दिवस आहे. महापालिकेचा कायदा 1888 चा आहे. कलेक्टरकडे 1966 ची जमीन महसूल संहिता आहे. पण तिची अनेक प्रकरणे मुंबई शहराला लागू नाहीत, शहरासाठी चौदावे प्रकरण वेगळे आहे. म्हणून ठाणे-कल्याणच्या नातेवाइकाला मिळालेला सल्ला परळला उपयोगी पडेलच असे नाही.

कागद कोणते?

मालमत्ता पत्रक, खरेदीखत, वारसाचे कागद आणि मोजणीचा नकाशा. शहरात सी. एस. नंबरबरोबर विभागही वाचावा. गिरगाव विभागातला नंबर वेगळा, परळ-शिवडीतला वेगळा. जागा मालकीची की सरकारी भाडेपट्ट्याची, हेही तपासावे. सरकारने कोणत्या नकाशावरून अतिक्रमण ठरवले त्याची नक्कल लेखी मागावी आणि आपल्यासमोर मोजणी करण्याची मागणी करावी. घरपट्टीच्या पावत्या कब्जा दाखवतात, मालकी देत नाहीत.

कोर्टाने काय म्हटले?

आपल्याच मुंबईचा दाखला आहे. 1865 साली सरकारने महापालिकेच्या पूर्वीच्या कारभाऱ्यांना जुने बाजार हलवायला लावून दुसरी जागा दिली व भाडे घ्यायचे नाही असा ठराव केला. कायद्याला लागतो तसा दस्तऐवज मात्र झाला नाही. तेथे बाजार उभे राहिले, 17 लाख रुपये खर्च झाले. 1940 साली कलेक्टरने त्याच जागेवर सारा बसवला. 1951 साली सुप्रीम कोर्टाने बहुमताने ठरवले की, दस्तऐवज अपुरा असला तरी सत्तर वर्षे उघडपणे व हक्काने बिनभाड्याचा कब्जा होता, म्हणून सारा लावण्याचा सरकारचा हक्क उरला नाही. तो जुना ठराव जपलेला होता, हे विसरू नये.

दुसरा फैसला 1982 चा, हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठाच्या जमिनीचा. मालकीबद्दल खरा, प्रामाणिक वाद असेल तर सरकारने स्वतःच न्यायाधीश होऊन झटपट हुसकावून लावू नये, दिवाणी कोर्टात जावे, असे सुप्रीम कोर्टाने सांगितले.

मात्र नुसते वर्षे मोजून चालत नाही. आज सरकारविरुद्ध कब्जाने हक्क सांगायचा तर सलग 30 वर्षे उघडपणे आणि मालक म्हणून कब्जा सिद्ध करावा लागतो. भाडेपट्टेदाराला तसे म्हणता येत नाही.

दाव्याआधी

सरकारवर दावा करण्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. हातोडा दारात आला असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीशिवायही दाद मागता येते. महापालिकेसाठी एक महिन्याची नोटीस असते.

नोटिशीवर ती मिळाल्याची तारीख लिहून ठेवा, मुदतीत लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या. नोटीस येण्याची वाट कशाला पाहायची? या महिन्यातच मालमत्ता पत्रकाची नक्कल काढून खरेदीखताशी ताडून पाहा.