पोटगीतील वाढ : बदललेली परिस्थिती आणि कायदा

पोटगीचा आदेश एका विशिष्ट दिवशी होतो. परंतु ती ज्यांच्या आधारासाठी असते त्यांच्या गरजा त्या दिवशी थांबत नाहीत. महागाई वाढते, आजारपण येते, पतीचे वेतन वाढते. त्यामुळे निश्चित झालेली रक्कम काही वर्षांतच अपुरी ठरते. म्हणूनच भारतीय कायद्याने पोटगीचा आदेश अपरिवर्तनीय मानलेला नाही.

कमाल मर्यादेचा प्रश्न

फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या कलम १२५ अन्वये मासिक पोटगीस ५०० रुपयांची कमाल मर्यादा होती. परिस्थिती बदलल्यास रक्कम वाढवून देण्याची तरतूद कलम १२७ मध्ये होती. मात्र तीही या मर्यादेने बांधलेली होती. रुपयाचे मूल्य घटत गेले तसा वाढीचा हक्क नाममात्र उरला. महाराष्ट्राने १९९९ मध्ये राज्य दुरुस्तीद्वारे ही मर्यादा १,५०० रुपये केली. अखेर २००१ च्या केंद्रीय दुरुस्तीने मर्यादाच रद्द झाली आणि रक्कम ठरविणे दंडाधिकाऱ्यांच्या विवेकावर सोपविण्यात आले.

सध्याच्या तरतुदी

१ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ लागू झाली. पूर्वीच्या कलम १२५ व १२७ ची जागा आता अनुक्रमे कलम १४४ व १४६ यांनी घेतली आहे. पोटगी घेणाऱ्या किंवा देणाऱ्या व्यक्तीच्या परिस्थितीत बदल झाल्याचे सिद्ध झाल्यास दंडाधिकारी योग्य तो फेरबदल करू शकतात. याखेरीज पुढील तरतुदी महत्त्वाच्या आहेत :

• हिंदू विवाह अधिनियम, १९५५, कलम २५(२) : पती वा पत्नी, कोणाच्याही अर्जावरून आदेशात बदल.
• विशेष विवाह अधिनियम, १९५४, कलम ३७(२) : तशीच तरतूद, मात्र येथे कायम पोटगीचा हक्क केवळ पत्नीला.
• हिंदू दत्तक व निर्वाह अधिनियम, १९५६, कलम २५ : लक्षणीय बदल झाल्यास निर्वाह रकमेत फेरफार.
• कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५, कलम २५(२) : बदललेल्या परिस्थितीनुसार आदेशात फेरबदल वा तो रद्द करणे.

न्यायालयांचा दृष्टिकोन

फेरबदल दोन्ही दिशांनी होऊ शकतो. २०१७ मधील एका प्रकरणात उच्च न्यायालयाने पोटगी १६,००० वरून २३,००० रुपये केली होती. पतीने पुनर्विवाह केला असून त्या विवाहापासून त्याला अपत्य आहे, हे लक्षात घेऊन सर्वोच्च न्यायालयाने ती २०,००० रुपये केली. पतीच्या निव्वळ वेतनाच्या २५ टक्के रक्कम न्याय्य ठरेल, असे मत त्यात व्यक्त झाले. तथापि हे प्रमाण सर्व प्रकरणांना लागू होणारे सूत्र नव्हे.

‘रजनेश विरुद्ध नेहा’ (२०२०) या निकालाने दोन्ही पक्षांना उत्पन्न, मालमत्ता व देणी यांचे प्रतिज्ञापत्र सादर करणे आवश्यक केले. पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी, तसेच आधीच्या कार्यवाहीतील पोटगीची माहिती अर्जदाराने उघड करावी, असेही निर्देश दिले. उत्पन्न लपविण्याच्या प्रवृत्तीस आळा घालणे हा त्यामागील हेतू होय.

मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात कायम पोटगी २०,००० वरून ५०,००० रुपये केली आणि दर दोन वर्षांनी ५ टक्के वाढ देण्याचा आदेश दिला. पतीचे उत्पन्न, विवाहकाळातील राहणीमान आणि महागाई यांचा त्यात विचार झाला. आदेशातच नियतकालिक वाढ अंतर्भूत असल्यास केवळ महागाईसाठी पुन्हा न्यायालयात जाण्याची गरज कमी होते.

अर्जदाराची जबाबदारी

केवळ रक्कम अपुरी आहे असे म्हणणे पुरेसे नाही. मूळ आदेशानंतर काय बदलले, हे वेतनपत्रक, वैद्यकीय देयके किंवा घरभाड्याच्या पावत्या यांसारख्या पुराव्याने दाखवावे लागते. मूळ आदेशच चुकीचा होता, असे म्हणणे असल्यास मार्ग वेगळा. त्यासाठी वरिष्ठ न्यायालयात दाद मागावी लागते. फेरबदल आणि आव्हान यांतील हा भेद अभ्यासकांनी ध्यानात ठेवावा.

कुटुंबातील दुर्बल घटकास निराधार होऊ न देणे हा पोटगीमागील सामाजिक न्यायाचा उद्देश आहे. काळानुरूप वाढीची तरतूद नसती, तर तो उद्देश कागदावरच राहिला असता.