किती आहे तुमच्यात दम?

उरणजवळच्या द्रोणागिरी डोंगराची गोष्ट आमच्या भागात लहान मुलांनाही ठाऊक असते. लक्ष्मणासाठी संजीवनी आणायला गेलेल्या मारुतीने अख्खा पर्वतच उचलला आणि परतीच्या वाटेवर त्याचा एक तुकडा इथे पडला, अशी आख्यायिका आहे. संजीवनी मला अजून काही सापडलेली नाही! पण त्या डोंगराची चढण म्हणजे एक उत्तम प्रयोगशाळा आहे. वाट तीच, ऊन तेच, तरी एक जण गप्पा मारत किल्ल्यापर्यंत पोचतो आणि दुसरा अर्ध्या वाटेत दगडावर बसून पाण्याची बाटली मागतो. दोघांनी काम सारखंच केलं, पण एकाच्या हृदयाला ते जड गेलं, दुसऱ्याच्या हृदयाला हलकं. हा फरक आकड्यात मांडण्याच्या पद्धतीला ‘सबमॅक्सिमल एक्सरसाइज टेस्ट’ म्हणतात. मराठीत सांगायचं तर, पूर्ण ताकद पणाला न लावता घेतलेली दमाची परीक्षा.

पूर्ण ताकद का लावायची नाही?

आपल्याकडे फिटनेस म्हटलं की ‘पळ, पडेपर्यंत पळ’ असाच समज आहे. नवी मुंबई-पनवेल पट्ट्यातल्या कुठल्याही मैदानावर पहाटे जा, पोलीस भरतीची तयारी करणारी मुलं-मुली दिसतील. शिपाईपदाच्या भरतीत मुलांना १६०० मीटर आणि मुलींना ८०० मीटर धावावं लागतं. त्यातलं कोणीही नोकरीसाठी जीव तोडूनच पळणार. जून २०१४ मध्ये मुंबईच्या पोलीस भरतीत पाच किलोमीटर धावताना काही उमेदवारांचा मृत्यू झाला होता आणि त्यानंतर ते अंतर कमी करावं लागलं. म्हणजे परीक्षा दमाची असली तरी किंमत जिवाची असू शकते. आपला दम किती, हे मैदानात शेवटच्या फेरीला कळण्यापेक्षा महिनाभर आधी घरी कळलं तर?

आपण मटेरियल लॅबमध्ये यूटीएम मशीनवर माइल्ड स्टीलची सळई ताणून तोडतो. तिची पूर्ण ताकद कळते, पण सळई जाते. माणसाचा स्पेसिमेन मात्र एकच असतो! म्हणून आपण आलेखाच्या सुरुवातीच्या सरळ रेषेत काम करायचं, थोडा लोड द्यायचा, उतार बघायचा आणि तिथेच थांबायचं. स्वीडनमध्ये ऑस्ट्रॅंड आणि रिमिंग यांनी १९५४ मध्ये सायकलवरची जी प्रसिद्ध पद्धत मांडली, तिचा गाभा हाच आहे.

हृदय हा एक रेसिप्रोकेटिंग पंप

मेकॅनिकलवाल्यांना हे पटकन कळेल. पंपाचा डिस्चार्ज म्हणजे एका स्ट्रोकचं आकारमान गुणिले मिनिटाचे स्ट्रोक. स्वस्थ बसलेल्या माणसाचं हृदय एका ठोक्याला साधारण ७० मिलिलिटर रक्त ढकलतं. ठोके ७२ धरले तर मिनिटाला सुमारे ५ लिटर. व्यायाम सुरू झाला की स्नायू जास्त ऑक्सिजन मागतात. आधी ठोक्यागणिक रक्त वाढतं, पण साधारण निम्म्या क्षमतेच्या आसपास ती वाढ बहुतेकांमध्ये मंदावते. त्यापुढची मागणी हृदय मुख्यतः ठोके वाढवून भागवतं. म्हणूनच या मधल्या पट्ट्यात काम आणि नाडी यांचा आलेख जवळपास सरळ रेषेत येतो.

आता खरी गंमत. सराव असलेल्या माणसाच्या हृदयाचा एक स्ट्रोक मोठा असतो. तेवढंच काम त्याला कमी ठोक्यांत जमतं. म्हणजे समान कामाला ज्याची नाडी कमी, त्याचा पंप मोठा! डोंगर चढताना गप्पा मारणाऱ्याचं गुपित हेच.

एक उदाहरण घेऊ. समजा, एका वीस वर्षांच्या मुलाची नाडी सायकलवर ५० वॉटला ११० आणि १०० वॉटला १४० भरली. म्हणजे ५० वॉटला ३० ठोके वाढले. ‘२२० वजा वय’ या नेहमीच्या सूत्राने त्याची कमाल नाडी २०० धरली आणि रेषा पुढे वाढवली, तर उत्तर येतं २०० वॉट. पण हे सूत्र सरासरीचं आहे. एखाद्याची खरी कमाल नाडी त्यापेक्षा १०-१२ ठोके इकडे-तिकडे सहज असते. ती १८८ असेल तर उत्तर १८० वॉट, म्हणजे १० टक्के चूक! स्टीलच्या आलेखात नुसत्या उतारावरून सळई कुठे तुटेल ते कळत नाही. इथेही उतार आपण मोजतो, पण शेवटचा बिंदू वयावरून अंदाजाने धरतो. टेस्टमध्ये चूक शिरते ती मुख्यतः या दारातून. हे लक्षात ठेवलं तर टेस्ट उपयोगी, विसरलं तर ज्योतिष.

पायरीवरची परीक्षा

सायकल-ट्रेडमिल सगळ्यांकडे नसतात, पायरी सगळ्यांकडे असते. न्यूयॉर्कच्या क्वीन्स कॉलेजात १९७२ मध्ये मॅकआर्डल आणि सहकाऱ्यांनी बसवलेली स्टेप टेस्ट कॉलेजच्या मुलांसाठीच आहे. कृती अशी :

१) ४१.३ सेंटीमीटर उंचीचं न हलणारं बाक घ्या.
२) मोबाइलवर मेट्रोनोम लावा. मुलांनी मिनिटाला २४ वेळा, मुलींनी २२ वेळा चढायचं-उतरायचं. ‘वर-वर-खाली-खाली’ अशी चार पावलं म्हणजे एक वेळ, म्हणून मेट्रोनोम ९६ किंवा ८८ वर ठेवा.
३) बरोबर तीन मिनिटांनी थांबा. उभ्या उभ्याच, पाचव्या सेकंदापासून विसाव्या सेकंदापर्यंत मनगटावर नाडी मोजा आणि चारने गुणा.
४) सूत्र : मुलांसाठी १११.३३ वजा (०.४२ गुणिले नाडी). मुलींसाठी ६५.८१ वजा (०.१८४७ गुणिले नाडी).

येणारा आकडा म्हणजे ‘व्हीओटू मॅक्स’, म्हणजे शरीर दर किलो वजनामागे मिनिटाला जास्तीत जास्त किती मिलिलिटर ऑक्सिजन वापरू शकतं. मुलाची नाडी १५० आली तर उत्तर ४८.३, मुलीची १५६ आली तर ३७. निवडक लांब पल्ल्याचे धावपटू ७० च्याही वर जातात, तेव्हा हुरळून जाऊ नका! हे सूत्र परदेशी मुलांवरून काढलेलं असलं तरी कोलकात्याच्या संशोधकांनी २००४ मध्ये ते तरुण भारतीय मुलांवर तपासलं आणि वापरण्याजोगं ठरवलं. मुलींसाठी मात्र त्यांनी पुढच्याच वर्षी वेगळं सूत्र सुचवलं. त्यामुळे मुलींनो, वरच्या आकड्याकडे जरा सावधपणे बघा.

पायरीची उंची म्हणजेच लोड

इथे बहुतेक जण फसतात. तीन मिनिटं चढ-उतार म्हणजे काय मोठंसं, असं वाटतं. हिशोब करून बघू. ६० किलोचा मुलगा ०.४१३ मीटर उंच मिनिटाला २४ वेळा चढतो, म्हणजे वजन उचलण्याचं काम साधारण ९७ वॉट. जुन्या शंभराच्या बल्बएवढं! पण त्यासाठी शरीर खर्च करतं त्याच्या सहा-सातपट, बाकी सगळी उष्णता. अमेरिकन कॉलेज ऑफ स्पोर्ट्स मेडिसिनच्या सूत्राने या चढ-उताराला दर किलोमागे मिनिटाला सुमारे ३२ मिलिलिटर ऑक्सिजन लागतो. इमारतीच्या १७ सेंटीमीटरच्या साध्या पायरीवर, त्याच वेगाने, फक्त १८. आणि १९४३ ची मूळ हार्वर्ड स्टेप टेस्ट, म्हणजे ५०.८ सेंटीमीटरचं बाक, मिनिटाला ३० वेळा, पाच मिनिटं? तब्बल ४६!

आता ज्या माणसाची कमाल क्षमताच ३० आहे, त्याच्यासाठी क्वीन्स कॉलेजची टेस्ट ‘सबमॅक्सिमल’ राहिलीच कुठे? ती त्याची कमाल ओलांडते. नाव टेस्टचं असतं, लोड माणसावर ठरतो.

हे मला नीट कळलं ते बाबांमुळे. त्यांचं वय ५२, काम कंटेनर यार्डात शिफ्टचं, घर चौथ्या मजल्यावर आणि लिफ्ट नाही. तिसऱ्या मजल्यावर थांबून ते हल्ली किल्ल्या शोधायचं नाटक करतात, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. विचारलं की उत्तर ठरलेलं, “मला काय धाड भरली आहे?” मी टेस्टचं वाचत होते तेव्हा त्यांच्या बीपीच्या गोळीची चौकशी केली. ती बीटा ब्लॉकर गटातली निघाली, म्हणजे नाडी मुद्दाम कमी ठेवणारी. अशा माणसाला वरचं सूत्र लावलं असतं तर कमी नाडी बघून आम्ही त्यांना ‘सुपरफिट’ म्हटलं असतं आणि ते खूश होऊन डॉक्टरकडे गेलेच नसते! डॉक्टरांनी त्यांना आधी ईसीजी लावून टीएमटी करायला सांगितली. तिच्यात काही वावगं निघालं नाही. आता दम वाढवण्यासाठी ते रोज संध्याकाळी द्रोणागिरी स्टेशनपर्यंत चालतात. बोलता येईल पण गाणं म्हणता येणार नाही, एवढाच वेग, हा त्यांचा मीटर.

सहा मिनिटांचं चालणं आठवतं?

तुम्ही म्हणाल, या टेस्ट आपल्याकडे कोण करतं? अहो, २०२१ च्या एप्रिलमध्ये अनेक घरांतून झाली की! कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत राज्याच्या आरोग्य विभागाने सहा मिनिटे चालण्याची चाचणी घरी करायला सांगितली होती. आधी पल्स ऑक्सिमीटरवर ऑक्सिजन बघायचा, मग सपाट जमिनीवर मध्यम चालीने सहा मिनिटं चालायचं आणि पुन्हा बघायचा. आकडा ९३ च्या खाली गेला, किंवा तीनपेक्षा जास्त घसरला, किंवा धाप लागली, तर रुग्णालय गाठायचं. साठीच्या पुढच्यांना तीन मिनिटांची सवलत, दम्याच्या रुग्णांनी करायची नाही. बसलेल्या माणसात लपून राहिलेला दोष थोडा लोड दिला की उघडा पडतो, हेच तत्त्व. दवाखान्यात हृदय आणि फुप्फुसाच्या रुग्णांसाठी हीच चाचणी ३० मीटरच्या कॉरिडॉरमध्ये घेतात आणि सहा मिनिटांत किती अंतर कापलं ते मोजतात.

टेस्ट काय सांगत नाही

स्टेप टेस्ट ‘पंप किती मोठा’ याचा अंदाज देते. ‘पाइपमध्ये कचरा आहे का’ हे ती सांगत नाही. ब्लॉकेज शोधणं डॉक्टरांचं काम आहे. त्यासाठी ईसीजी लावून टीएमटी होते, त्यातली सर्वांत प्रसिद्ध पद्धत अमेरिकेतल्या डॉ. रॉबर्ट ब्रूस यांची. दर तीन मिनिटांनी पट्ट्याचा वेग आणि चढ वाढत जातो. तीही शंभर टक्के अचूक नसते.

एक साधा आकडा मात्र बराच बोलका आहे : थांबल्यावर नाडी किती लवकर उतरते. १९९९ मध्ये क्लीव्हलँड क्लिनिकच्या अभ्यासात, ट्रेडमिल टेस्टनंतरच्या पहिल्या मिनिटात ज्यांची नाडी फक्त १२ किंवा त्याहून कमी ठोक्यांनी उतरली, त्यांच्यात पुढच्या वर्षांत मृत्यूचं प्रमाण जास्त आढळलं. तेव्हा टेस्ट संपली तरी लगेच घड्याळ खिशात टाकू नका.

आणि हे पाळाच :

• छातीत दुखणं, चक्कर, हृदयविकार किंवा काबूत नसलेलं बीपी असेल तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय टेस्ट नको. ताप असताना तर नकोच.
• आधी दोन-तीन तास जेवण, चहा-कॉफी, सिगारेट नको.
• मे महिन्यातल्या दुपारी नको. आपल्या खाडीकाठच्या दमट हवेत नाडी उगाच वाढते आणि आकडा खोटा येतो.
• नाडी कमाल अंदाजाच्या ८५ टक्क्यांवर गेली, छातीत दुखलं किंवा गरगरलं, तर तिथेच थांबा. थांबणं म्हणजे नापास होणं नव्हे.
• एकट्याने करू नका. सोबत कोणीतरी हवं.

शेवटी एवढंच सांगते. पहिल्या दिवशीचा आकडा फार मनावर घेऊ नका. तो अंदाज आहे. तीच पायरी, तोच वेग, तीच सकाळची वेळ ठेवून महिन्याने पुन्हा मोजा. कमाल नाडीचा अंदाज चुकला असेल तर तो दोन्ही वेळा सारखाच चुकेल, म्हणून दोन आकड्यांतला फरक मात्र बराच खरा असेल. नाडी आठ-दहा ठोक्यांनी उतरली असेल, तर समजा पंप मोठा होतोय. सबमिशन, व्हायवा, केटी हे सगळं चालूच राहणार. पण त्यासाठी लागणारा दम आजच मोजायला घ्या. तीन मिनिटांचं तर काम आहे!

— टी. ई. मेकॅनिकल