खो मिळाला आणि पोटरी गेली

केळीच्या धंद्यातल्या माणसाला व्यायामाची काय गरज, दिवसभर शेतात तर असतो! जळगाव जिल्ह्यातल्या आमच्या सावद्यात कुणालाही विचारा, हेच म्हणेल. असतो खरा शेतात. पण तिथे घाम गाळतो तो घड वाहणारा मजूर. वीस-पंचवीस किलोचा घड खांद्यावर घेऊन तो बागेतून बांधापर्यंत खेपा घालतो. खरेदी करणारा माझ्यासारखा माणूस बांधावर मोटारसायकलला टेकून भाव, गाडी आणि दिल्लीचा फोन यांतच गुंतलेला असतो. सकाळी कापणी, दुपारी गाडी भरणं, संध्याकाळी हिशेब. पोटाचा घेर वाढत जातो, पण ‘शेतातला माणूस’ हा शिक्का काही जात नाही.

जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. पुरुषांचा आणि महिलांचा, दोन्ही चषक भारताने जिंकले. प्रियांका इंगळे आणि प्रतीक वाईकर हे दोघेही कर्णधार महाराष्ट्राचे. त्यानंतर गल्लीतल्या पोरांना खो-खोचं वेड लागलं. आमची थोरली सातवीत, धाकटा तिसरीत. टोकाच्या मोकळ्या प्लॉटवर संध्याकाळी डाव मांडायचा आणि एक गडी कमी पडला की “पप्पा, तुम्ही बसा ना” अशी हाक यायची. तशी मी बसलोही.

खो-खो बाहेरून सोपा दिसतो. आठ जण रांगेत उकिडवे बसतात, शेजारचे दोघे एकमेकांच्या उलट तोंडाने, आणि नववा पळणाऱ्याच्या मागे धावतो. मागून ‘खो’ मिळाला की बसलेल्याने त्या क्षणी उठून सुटायचं. थोरलीने पाठीवर थाप मारली, मी उठलो, दुसरं पाऊल टाकलं आणि पोटरीवर मागून कुणीतरी दगड मारला. मी रागाने वळून पाहिलं. मागे कुणीच नव्हतं. टाच जमिनीला टेकवता येईना. पोरांना वाटलं, पप्पा नाटक करताहेत. पळणारा गडी मात्र ओरडत होता, “काका, दिशा बदलली, फाऊल!”

भुसावळच्या डॉक्टरांनी पोटरी दाबून पाहिली, पाऊल वर-खाली करून पाहिलं आणि सांगितलं, आतल्या बाजूचा स्नायू फाटलाय, टाचेची नस शाबूत आहे. याला ते टेनिस लेग म्हणतात. मी जन्मात रॅकेट धरलेली नाही, पण कारण ऐकलं तेव्हा पटलं. उकिडव्या बैठकीतून झेप घेताना गुडघा सरळ होत असतो आणि त्याच वेळी पोटरी जोरात आवळली जाते. चाळिशीच्या पुढचा, वर्षानुवर्षं मोटारसायकलवर आणि खुर्चीवर गेलेला पाय असेल तर तो स्नायू नेमका तिथे दगा देतो. पळण्यापेक्षा अचानक सुटणं धोक्याचं. मुलांचे बरेच खेळ अचानक सुटण्याचेच असतात, हे आपल्या लक्षात येत नाही, कारण आपण ते ओट्यावरून बघत असतो.

इथे एक सांगून ठेवतो, कारण आपल्याकडे हे हमखास घडतं. पाय लचकला की कोपऱ्यावरचा कुणीतरी चोळून देणारा सुचवतात. तेल कोमट करून घरचेही तयार असतात. फाटलेला स्नायू पहिले दोन-तीन दिवस चोळायचा नाही आणि शेकायचाही नाही. फडक्यात गुंडाळलेला बर्फ, पट्टी, पाय उशीवर उंच, बस्स. ‘टक्’ असा आवाज आला असेल किंवा चवड्यावर उभंच राहता येत नसेल तर वाट बघू नका. टाचेची नस तुटली तर उपचार वेगळे असतात. आणि काहीच लागलेलं नसताना एकाच पायाची पोटरी सुजली, दुखली, गरम लागली तर त्याच दिवशी डॉक्टर गाठा. ती रक्ताची गुठळी असू शकते, खेळाशी तिचा संबंध नसतो.

पाय सुधारत होता त्या काळात मी ओट्यावर बसून मोठी माणसं मुलांशी कशी ‘खेळतात’ ते नीट पाहिलं. बाप क्रिकेट खेळतो म्हणजे उभा राहून टप्प्याटप्प्याने चेंडू टाकतो, मग अंपायर होतो, मग फोन येतो. बॅडमिंटनमध्ये फूल आणायला मूल पळतं. सायकल शिकवताना बाप चार पावलं जातो आणि “बघ, जमलं!” म्हणून थांबतो. मुलांचा व्यायाम होतो, आपला होत नाही. गल्लीतलं क्रिकेट हा मोठ्यांनी उभं राहण्याचा खेळ आहे, असं माझं ठाम मत झालंय.

त्यापेक्षा लगोरी घ्या. सात चपट्या फरश्यांचे तुकडे आणि एक चेंडू, खर्च शून्य. फोडायला नेम लागतो, म्हणजे धाकटाही बापाला हरवू शकतो. मग फरश्या रचायला वाकावं लागतं, उकिडवं बसावं लागतं, चेंडू चुकवायला दोन-चार पावलं आडवं सरकावं लागतं. मधे दम घ्यायला उसंतही मिळते, कारण चेंडू नेहमी कुणाच्या तरी अंगणात जातो. पायांची, पाठीची, नजरेची सगळ्यांची कामं होतात आणि जिवाच्या आकांताने सुटायची गरज पडत नाही. दुखावलेल्या पायाने मी पहिला खेळ खेळलो तो हाच. डबा ऐसपैसही चालतो. केळीच्या रिकाम्या क्रेटमागे दबा धरून बसणं म्हणजे मांड्यांची कसरतच. आट्यापाट्या थोड्या नंतर, पाय तयार झाल्यावर. लंगडी मात्र मोठ्यांनी सर्वांत शेवटी घ्यावी. सगळं वजन एका पोटरीवर, त्यात उड्या.

‘पाय तयार होणं’ म्हणजे काय? डॉक्टरांनी दुखणं ओसरल्यावर भिंतीला हात टेकून टाचा उचलायला सांगितल्या होत्या. आधी दोन्ही पायांनी, जमल्यावर एकेकाने. ते मी अजून दात घासताना करतो. ज्यांना काहीच झालेलं नाही त्यांनीही मुलांत उतरण्याआधी काही आठवडे हे करावं, हीच माझी मुख्य शिफारस. आणि डावाआधी प्लॉटला दोन फेऱ्या चालत मारायच्या, पुढच्या दोन हलक्या धावत. पोरं चिडवतात. चिडवू दे. मधुमेह, रक्तदाब किंवा हृदयाचा त्रास असेल तर आधी डॉक्टरांना विचारा. खेळताना छातीत दाब वाटला, घेरी आली, तर डाव तिथेच थांबवा.

किती खेळायचं, याचं उत्तर जागतिक आरोग्य संघटनेने २०२० मध्ये दिलेलं आहे. मोठ्यांना आठवड्याला १५० ते ३०० मिनिटं मध्यम श्रम आणि दोन दिवस स्नायूंना ताण. ५ ते १७ वर्षांच्या मुलांना दिवसाला सरासरी ६० मिनिटं. आकडा मोठा वाटतो. पण सहा संध्याकाळी २५ मिनिटं म्हणजे झाली १५०. मध्यम श्रम ओळखायची खूण सोपी आहे: बोलता यावं, पण गाणं म्हणता येऊ नये. या खुणेने पाहिलं तर भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागरीपर्यंत आमच्याकडे भुलाबाई बसते, तेव्हा एका जागी बसून गाणी म्हणत टिपऱ्या वाजवणं अगदीच हलकं काम. त्यापेक्षा उभं राहून, फेर धरून, जरा वेगाने टिपऱ्या धरल्या तर गाण्याची ओळ तुटते आणि श्रम लागू पडतात. आमच्या सौभाग्यवतींनी गेल्या भुलाबाईत गल्लीतल्या मुलींबरोबर हेच केलं. नंतर खाऊ ओळखायच्या वेळी त्यांना धाप लागून बोलताच येईना.

सौभाग्यवतींचा विषय निघालाच आहे तर स्पष्ट बोलतो. मुलांच्या खेळाची वेळ आणि स्वयंपाकाची वेळ एकच असते. बाप फार तर प्लॉटवर जाईल, आई चुलीपाशीच राहील. “घरकामातच माझा व्यायाम होतो” असं ती म्हणते आणि आपल्याला ते सोयीचं पडतं. भांडी, झाडलोट, उभ्याने पोळ्या, यांत कंबर दुखते, दम लागत नाही. आमच्या घरी आता खिचडीचे वार ठरलेत. खान्देशात रात्रीची खिचडी तशीही घरोघरी असते; डाळ-तांदूळ मी धुऊन कुकर लावतो आणि ती खाली उतरते. पहिल्या आठवड्यात गल्लीतला एक स्नेही म्हणाला, “काय भो, बायको लगोरी खेळून राह्यली अन् तू कुकर लावून राह्यला?” आता त्याचीही बायको येते. तो अजून ओट्यावर आहे.

उन्हाळ्याची गोष्ट वेगळी. आपल्या जिल्ह्यात मे महिन्यात पारा ४५च्या वर जातो आणि पुस्तकात लिहिलेली ‘संध्याकाळी पाचची वेळ’ इथे चालत नाही. सूर्य मावळल्यावरही सिमेंटची गच्ची तापलेलीच असते. त्या दिवसांत आम्ही पहाटे खेळतो, ऊन चढायच्या आत आवरतं घेतो आणि पाण्याची कळशी प्लॉटवरच ठेवतो. मुलं तहान लागली तरी डाव सोडून पाणी पीत नाहीत, म्हणून डाव थांबवून पाजायचं. मूल चिडचिडं झालं, डोकं दुखतं म्हणालं, मळमळलं तर सावलीत नेऊन अंग ओलं करा. बरळायला लागलं किंवा ग्लानी आली तर अंगावर पाणी मारत दवाखान्यात न्या. गच्चीवर पळापळीचा खेळ तर कधीच नको. आपल्याकडचे कठडे झोपायला आडोसा म्हणून बांधलेले असतात, धावणाऱ्याला अडवायला नाही.

हिवाळा हा खरा आपला हंगाम. बामणोदची वांगी येतात, शेतात भरीत पार्टी ठरते, सगळा गोतावळा जमतो. पऱ्हाट्यांच्या जाळावर वांगी भाजायला वेळ लागतो आणि तेवढ्या वेळात पुरुष मंडळी चटईवर आडवी होतात. मोकळं रान, मऊ माती, दहा-पंधरा माणसं. आट्यापाट्यांना याहून चांगली जागा कुठली? भाजलेली वांगी बडगीत ठेचायचं काम आळीपाळीने प्रत्येकाला द्या, खांद्याला कळतं. फक्त जेवणाआधी खेळा. कळण्याची भाकरी, भरीत आणि वरून तेल पोटात गेल्यावर कुणी उठत नाही.

शेजारचं फैजपूर सायकलने गाठता येतं. हमरस्त्यावर ट्रक फार, म्हणून आतल्या रस्त्याने. १९३६ साली तिथे काँग्रेसचं खेड्यातलं पहिलं अधिवेशन भरलं, तेव्हा मुंबईहून ज्योत धावत आणली होती, हे सांगितल्यापासून धाकटा शेवटचा तुकडा सायकल थोरलीकडे देऊन हातात काठी धरून धावतो. मागे कुणीतरी मोठं माणूस धावावंच लागतं.

राहिली आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया. झोके मुली-बाळींच्या वाट्याला आणि पुरुषांच्या वाट्याला पत्ते, ही आमच्याकडची वाटणी. दिवसभर बसून पत्ते कुटण्याने कुणाचं भलं झालेलं मी पाहिलं नाही. झोका उभ्याने चढवायला पाय, पोट, दंड सगळे लागतात, एकदा करून बघा. फांदी हिरवी, मांडीएवढी जाड हवी. वाळलेली किंवा ढोली पडलेली नको. गेल्या वर्षीचा दोर उन्हात विरलेला असतो, नवा आणा, आणि बांधल्यावर आधी घरातल्या सर्वांत वजनदार माणसाने त्यावर बसून बघायचं. आमच्याकडे तो मान माझा आहे.