वैद्यकीय खर्चाची प्रतिपूर्ती आणि आयुर्वेद चिकित्सक

शासकीय सेवेतील रुग्ण चिकित्सा पूर्ण झाल्यावर प्रमाणपत्राचा कोरा नमुना घेऊन येतो, तेव्हा बहुतेक चिकित्सालयांत स्वाक्षरी आणि शिक्का एवढ्यावर काम आटोपते. त्या कागदावर रुग्णाचा कित्येक हजारांचा हक्क अवलंबून असतो. तो कागद दुबळा असेल तर देयक परत येते आणि दोष मात्र आयुर्वेदाच्या माथी बसतो. म्हणून हा विषय वैद्यवर्गाने मुळापासून समजून घेणे अगत्याचे आहे.

केंद्र शासनाच्या कर्मचाऱ्यांना 1944 चे वैद्यकीय देखभाल नियम लागू आहेत. 1954 साली दिल्लीत सुरू झालेल्या केंद्र सरकार आरोग्य योजनेच्या लाभार्थ्यांची व्यवस्था स्वतंत्र आहे. महाराष्ट्र शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र राज्य सेवा (वैद्यकीय देखभाल) नियम, 1961 हा मूळ आधार होय. खाजगी रुग्णालयातील उपचारांबाबत 19 मार्च 2005 च्या शासन निर्णयात 27 आकस्मिक आणि 5 गंभीर आजारांची यादी दिली गेली. 2020 साली कोविडची त्यात भर पडली. ही यादी मुख्यतः तातडीच्या प्रसंगांची आहे. आपल्याकडे येणारा आमवाताचा, ग्रहणीचा किंवा जीर्ण श्वासाचा रुग्ण तिच्यात सहजासहजी बसत नाही. म्हणून शासकीय कर्मचाऱ्याने चिकित्सा आरंभण्यापूर्वीच आपल्या कार्यालयात विचारणा करावी, हे त्याला पहिल्याच भेटीत स्पष्ट सांगावे. वरळी, नांदेड, नागपूर, धाराशिव येथील शासकीय आयुर्वेद रुग्णालयांतील उपचारांचा दावा खाजगी चिकित्सालयातील दाव्यापेक्षा अधिक भक्कम पायावर उभा असतो, हेही लपवू नये. रुग्ण हातचा जाईल ही भीती येथे गैरलागू आहे.

न्यायालयांनी या हक्काचा अर्थ पुष्कळ विस्तृत केला आहे. सुरजित सिंग यांच्या प्रकरणात (1996) इंग्लंडमध्ये हृदयविकाराची शस्त्रक्रिया करून घ्यावी लागलेल्या पंजाबच्या कर्मचाऱ्यास दिल्लीतील रुग्णालयाच्या दराने खर्च देण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला. मोहिंदर सिंग चावला प्रकरणात (1997) आरोग्याचा हक्क हा जीविताच्या हक्काचाच भाग मानून खोलीभाडेही देय ठरविले गेले. परंतु राम लुभाया बग्गा प्रकरणात (1998) त्याच न्यायालयाने शासनाला आपल्या आर्थिक कुवतीनुसार दर ठरविण्याची मुभा दिली. अर्थात हक्क आहे, पण तो अमर्याद नाही. पुढे शिवकांत झा यांच्या प्रकरणात 13 एप्रिल 2018 रोजी न्यायालयाने म्हटले की, रुग्णालयाचे नाव यादीत नाही एवढ्याच कारणाने दावा नाकारता येणार नाही; उपचार खरोखर घेतले होते काय आणि ते चिकित्सकांनी यथोचित प्रमाणित केले आहेत काय, हे पाहावे. हे प्रकरण केंद्रीय योजनेतील सेवानिवृत्ताचे होते. ते आपल्या प्रत्येक देयकाला जसेच्या तसे लागू पडेल असे समजू नये. परंतु त्यातील कसोटी वैद्यांनी ध्यानात ठेवण्याजोगी आहे, कारण प्रमाणित करण्याचे काम आपले आहे.

आता प्रत्यक्ष अडचणीकडे वळू. राज्यातील देयके सामान्यतः जिल्हा शल्यचिकित्सकांकडे छाननीसाठी जातात. त्यांचे शिक्षण आधुनिक वैद्यकाचे असते. ‘साम वात, स्रोतोरोध’ एवढेच निदान लिहिले तर त्यांना त्याचा बोध होणे कठीण. शास्त्रोक्त निदान अवश्य लिहावे, त्याच्या शेजारी प्रचलित वैद्यकातील नाव, तपासण्यांचे निष्कर्ष आणि चिकित्सेचा कालावधीही लिहावा. केंद्रीय नियमांत बाह्यरुग्णासाठी ‘अ’ व आंतररुग्णासाठी ‘ब’ प्रमाणपत्र असते; यांची अदलाबदल झाल्यासही देयक अडकते.

औषधांबाबत अधिक सावधगिरी हवी. केंद्रीय नियमांनुसार मुळात अन्न, शक्तिवर्धक, प्रसाधन किंवा जंतुनाशक असलेल्या पदार्थांचा खर्च मिळत नाही. च्यवनप्राश लेखापालाच्या दृष्टीने शक्तिवर्धक आणि अभ्यंगाचे तेल हे मालिशचे तेल! त्याला दोष देण्यात अर्थ नाही. प्राणवह स्रोतसाच्या कोणत्या व्याधीत, किती मात्रेत, किती दिवस आणि कोणत्या अनुपानासह कल्प दिला हे लिहिले, तरच तो औषध म्हणून उभा राहतो. स्वतःच्या रुग्णांसाठी औषध तयार करणाऱ्या वैद्याला 1940 च्या औषधे व सौंदर्यप्रसाधने कायद्याने उत्पादन परवान्यातून सूट दिली आहे, परंतु ‘पुड्या – रु. 1500’ अशा पावतीला छाननीत थारा मिळत नाही. घटकद्रव्ये, वजन व दिनांक यांसह क्रमांकित पावती द्यावी. बाजारातील औषध असल्यास उत्पादकाचे नाव व बॅच क्रमांक त्यात यावा. चरकाने चिकित्सेचे चार पाद सांगितले. शासकीय रुग्णाच्या बाबतीत कागद हा पाचवा पाद झाला आहे, असे विनोदाने म्हणावेसे वाटते.

एक गोष्ट मात्र विनोदाची नाही. पंचकर्मासाठी रोज येऊन जाणारा रुग्ण ‘दाखल दाखवा’ अशी विनंती करतो आणि ओळखीपोटी ती मान्य केली जाते. असे प्रमाणपत्र हे खोटे प्रमाणपत्र आहे. त्यातून कर्मचाऱ्यावर विभागीय चौकशी आणि वैद्यावर फौजदारी कारवाई येऊ शकते, नोंदणीही धोक्यात येते. अशा वेळी स्पष्ट नकार द्यावा आणि बाह्यरुग्ण म्हणून केलेल्या प्रत्येक कर्माची दिनांकवार नोंद द्यावी.

देयक नाकारले गेल्यास रुग्णाने कारण लेखी मागावे. नाकारण्याचे कारण वैद्यकीय स्वरूपाचे असेल, तर त्या मुद्द्यापुरते खुलासापत्र वैद्याने आपल्या नोंदणी क्रमांकासह द्यावे. त्यासाठी रुग्णपत्रिकेची प्रत, देयक निकाली निघेपर्यंत तरी, आपल्या दप्तरी असलीच पाहिजे.