धनावरचा नाग

(गुप्तधनाच्या गोष्टी ऐकायला सर्वांनाच आवडतात. पण त्या खऱ्या मानल्यामुळे कित्येक घरे धुळीला मिळाली. जमिनीत धन का पुरले जाई, त्यावर नाग बसतो ही समजूत कशी रूढ झाली आणि सापडलेल्या धनाविषयी कायदा काय सांगतो, याची माहिती या पाठात दिली आहे.)

विद्यार्थी मित्रांनो, रहस्यकथा तुम्हांला नक्कीच आवडत असतील. उर्दूत इब्ने सफी यांच्या ‘जासूसी दुनिया’तील कादंबऱ्या १९५२ पासून घरोघर वाचल्या गेल्या. मराठीत बाबूराव अर्नाळकर यांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या, तर नारायण धारप यांनी भयकथा लिहून वाचकांची झोप उडवली. अशा कथांमध्ये काही गोष्टी हमखास असतात. एक जुना, पडका वाडा असतो. वाड्यात कुलूप लावलेली एक खोली असते. मरणाला टेकलेली आजी काहीतरी सांगू पाहते आणि वाक्य अर्धवट राहते. मग माळ्यावरच्या पेटीत एक जुना कागद सापडतो. कोणाला न वाचता येणारा तो कागद म्हणजे खजिन्याचा नकाशा ठरतो. शेवटी तळघरात मोहरांचा हंडा दिसतो आणि त्या हंड्यावर फणा काढून बसलेला नाग!

कथा संपली की आपण पुस्तक मिटतो. पण हीच कथा एखाद्या घरात खरी मानली गेली तर काय होते? ते पाहण्यासाठी आपण शिराळ्याला जाऊ.

सांगली जिल्ह्यात, मोरणा नदीच्या काठी शिराळा हे तालुक्याचे गाव आहे. त्याला ‘बत्तीस शिराळा’ असेही म्हणतात. गावात भुईकोट किल्ल्याचे अवशेष आहेत. समर्थ रामदासांनी स्थापन केलेल्या अकरा मारुतींपैकी एक मारुती येथे आहे. १६८९ साली संभाजी महाराजांना कैद करून नेत असताना याच ठिकाणी त्यांना सोडविण्याचा प्रयत्न झाला, असे या भागातील लोक सांगतात. जुना किल्ला, जुनी घरे आणि जुन्या आठवणी! रहस्यकथेला आणखी काय हवे?

पण शिराळा सर्वांत जास्त प्रसिद्ध आहे ते नागपंचमीसाठी. पूर्वी येथे जिवंत नाग पकडून त्यांची पूजा करत, त्यांची मिरवणूक काढत. १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आणि पुढे न्यायालयाने दिलेले आदेश यांमुळे या प्रथेवर बंधने आली. तरीही नागाशी शिराळ्याचे नाते जुने आहे. नागाचे बीळ कसे ओळखावे, तो कोठे दडतो, काय खातो, हे येथील जाणत्या माणसांनी पिढ्यान्‌पिढ्या जवळून पाहिले आहे. म्हणून धनावरच्या नागाचे कोडे सोडवायला याहून चांगले गाव मिळणार नाही.

प्रथम हे लक्षात घ्या, की जमिनीत पुरलेले धन ही निव्वळ कल्पना नाही. आजच्यासारख्या बँका पूर्वी नव्हत्या. टपाल खात्याची बचत बँकदेखील १८८२ साली सुरू झाली. त्याआधी साठवलेले चार पैसे ठेवायचे कोठे? लढाया होत, लुटारूंच्या टोळ्या येत, घरांना आगी लागत. मग घरातील कर्ता माणूस रात्री चुलीजवळ, उंबऱ्याखाली किंवा भिंतीत मडके पुरून ठेवी. उर्दूत अशा धनाला ‘दफीना’ म्हणतात. हे गुपित फार तर एकदोघांना ठाऊक असे. तो माणूस लढाईत किंवा पटकीच्या साथीत अचानक दगावला, की गुपितही त्याच्याबरोबर जाई. मागे राहिलेली माणसे नुसती म्हणत, “आमच्या घरात कुठेतरी धन आहे.” घराण्याचे रहस्य असे जन्माला येई.

असे धन कधीकधी सापडतेही. १९०६ साली नाशिकजवळच्या जोगळटेंभी येथे चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा मिळाला. त्यात तेरा हजारांहून अधिक नाणी होती. ती होती नहपान या क्षत्रप राजाची. पण त्यांतील सुमारे दोन तृतीयांश नाण्यांवर सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णी याने आपला ठसा पुन्हा उमटवला होता. एका राजाने दुसऱ्याचा पराभव केला, याची साक्ष त्या नाण्यांनी दिली. १९७४ साली अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातील दायमाबाद येथे झाडाचे मूळ खणताना काशाचा रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा अशी चार शिल्पे सापडली. शिराळ्यापासून जवळच असलेल्या कोल्हापुरात ब्रह्मपुरीच्या टेकडीवर समुद्रदेवाची एक छोटी रोमन मूर्ती मिळाली. दोन हजार वर्षांपूर्वी आपल्या भागाचा रोमशी व्यापार चालत होता, हे त्या मूर्तीमुळे कळते.

आता एक गोष्ट ध्यानात आली का? यांपैकी काहीही मंत्र म्हणून सापडले नाही. कोणाचा बळी देऊन सापडले नाही. शेतकऱ्याच्या कुदळीने किंवा अभ्यासकांच्या शिस्तशीर उत्खननाने ते वर आले.

मग नागाचे काय? पडक्या वाड्यात नाग दिसतो, हे खरे आहे. कारण अगदी साधे आहे. पडक्या भिंतींत उंदीर बिळे करतात. उंदीर हे नागाचे आवडते भक्ष्य. भक्ष्याच्या मागोमाग नाग येतो आणि उंदराच्याच बिळात मुक्काम करतो. त्याला सोन्याशी काही देणेघेणे नसते. कधीकधी नाग एकाच जागी कितीतरी दिवस दिसतो, तेव्हा लोक म्हणतात, “तो धनाची राखण करतो.” पण ती बहुधा नागाची मादी असते. अंडी घातल्यावर पिल्ले बाहेर येईपर्यंत, म्हणजे सुमारे दोन महिने, ती अंड्यांजवळ थांबते. तिचे धन म्हणजे तिची अंडी! नाग शे-दोनशे वर्षे जगत नाही. त्यामुळे पणजोबांच्या हंड्यावर तोच नाग आजही बसला असेल, हे शक्य नाही. नागाच्या डोक्यात मणीही नसतो आणि दूध हे त्याचे अन्न नव्हे.

पेटीतला जुना कागद कसला असतो, तेही पाहू. १९५० च्या सुमारापर्यंत मराठी कागदपत्रे बहुधा मोडी लिपीत लिहिली जात. आज फार थोड्यांना मोडी वाचता येते. न वाचता येणारे अक्षर गूढ वाटते. प्रत्यक्षात अशा कागदांत शेताच्या हद्दी, कर्जाचा हिशेब, भावाभावांतील वाटणी किंवा इनामाची नोंद असते. हा भाग एकेकाळी विजापूरच्या आदिलशाहीत होता. त्या काळातील काही कागद फारसी आणि मराठी अशा दोन्ही भाषांत आहेत. मित्रांनो, येथे तुमच्याजवळ एक किल्ली आहे. उर्दूमुळे तुम्हांला फारसी अक्षरे लावता येतात. तारीख, दस्तऐवज, वारस, जमीन, मालक हे शब्द उर्दूतही आहेत आणि मराठीतही. पुढे तुम्ही मोडी शिकलात, तर अशा कागदांचे कुलूप तुम्हांलाच उघडता येईल. पुणे आणि कोल्हापूर येथील सरकारी अभिलेखागारांत असे असंख्य कागद जपून ठेवले आहेत.

आता या पाठातील सर्वांत गंभीर भाग. समजा, एका घरावर कर्ज आहे. पीक गेले आहे. मुलीचे लग्न ठरले आहे. अशा वेळी एक भोंदू माणूस येतो. घरात पूर्वीपासून धनाची चर्चा आहे, हे त्याने गावात चौकशी करून आधीच जाणून घेतलेले असते. तो म्हणतो, “धन आहे. पण त्यावर नागाचा पहारा आहे. पूजा करावी लागेल.” पहिल्या पूजेला तो थोडे पैसे घेतो. दुसऱ्या वेळी जास्त घेतो. तिसऱ्या वेळी घरातील दागिने जातात. आणि प्रत्येक वेळी तो एक अट घालतो, “कोणाला सांगू नका. सांगितले तर धनाचे कोळसे होतील.” ही अट नीट लक्षात ठेवा. त्याचे खरे हत्यार ना मंत्र असतो, ना नाग. गुपित हेच त्याचे हत्यार असते. घर गप्प राहिले, की शेजारी विचारत नाहीत, नातेवाईक अडवत नाहीत आणि पोलिसांनाही कळत नाही. शेवटी हा लोभ कोणत्या थराला जाईल, याचा नेम नसतो. परभणी जिल्ह्यातील मानवत येथे १९७२ ते १९७४ या काळात अशाच अंधश्रद्धेपायी निरपराध स्त्रिया आणि लहान मुली यांचे खून झाले. संपूर्ण महाराष्ट्र त्या वेळी हादरून गेला होता.

अशा अनिष्ट प्रथांविरुद्ध साताऱ्याचे डॉ. नरेंद्र दाभोलकर यांनी आयुष्यभर काम केले. १९८९ साली त्यांनी महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीची स्थापना केली. जादूटोण्याविरुद्ध कायदा व्हावा, म्हणून ते वर्षानुवर्षे झगडले. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली. त्यानंतर चारच दिवसांनी सरकारने वटहुकूम काढला आणि त्याच वर्षी विधिमंडळाने कायदा संमत केला. गुप्तधनाच्या शोधासाठी अघोरी कृत्य करणे हा या कायद्याने गुन्हा आहे. त्यासाठी सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत कैद आणि पाच हजारांपासून पन्नास हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

तुम्ही विचाराल, “पण खरोखरच धन सापडले तर?” त्यासाठीही कायदा आहे आणि तो १८७८ सालचा आहे. दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीचे धन जमिनीत सापडले, तर ते कोठे, केव्हा आणि किती सापडले, हे जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवावे लागते. धन सरकारी तिजोरीत ठेवावे लागते किंवा तारण द्यावे लागते. मग जिल्हाधिकारी जाहीर सूचना काढतात. आपल्या वाडवडिलांनी ते धन शंभर वर्षांच्या आत पुरले, असा कोणाचा दावा असेल, तर त्याला दिवाणी न्यायालयात जाण्याची संधी मिळते. कोणीच मालक नाही असे ठरले, तर तीन चतुर्थांश भाग शोधणाऱ्याला आणि एक चतुर्थांश भाग जमिनीच्या मालकाला मिळतो. म्हणजे धन एक लाख रुपयांचे असेल, तर पंचाहत्तर हजार शोधणाऱ्याचे आणि पंचवीस हजार जमीनमालकाचे. सरकारला वस्तू ठेवून घ्यायची असेल, तर तिच्यातील धातूची किंमत आणि वर तिचा पाचवा हिस्सा असे पैसे सरकार देते. पण जो धन लपवतो, तो आपला वाटा गमावतो. शिवाय त्याला एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते.

पाहिलेत ना? भोंदू म्हणतो, “कोणाला सांगू नका.” कायदा म्हणतो, “सर्वांना कळू द्या.” खरे काय आणि खोटे काय, हे ओळखण्याची याहून सोपी कसोटी नाही.

तेव्हा मित्रांनो, रहस्यकथा आनंदाने वाचा. अंगावर काटा येऊ द्या. पण तुमच्या घरी, शेजारी किंवा गावात कोणी धन काढून देण्याची भाषा करू लागले, तर गप्प बसू नका. आईवडिलांशी बोला. घरात कोणी ऐकत नसेल, तर शिक्षकांना सांगा, पोलीस ठाण्यात कळवा किंवा मुलांच्या मदतीसाठी असलेला १०९८ हा दूरध्वनी क्रमांक फिरवा. तुम्ही लहान आहात म्हणून तुमच्या शब्दाला किंमत नाही, असे समजू नका. वेळेवर उघडलेल्या एका तोंडामुळे अख्खे घर वाचू शकते.

शब्दार्थ

गुप्तधन – लपवलेले धन, दफीना
माळा – छताखालची सामान ठेवण्याची जागा
पटकी – हगवण व उलट्यांचा जीवघेणा साथीचा रोग, हैजा
उत्खनन – जुने अवशेष शोधण्यासाठी पद्धतशीर केलेली खोदाई
भोंदू – ढोंग करून फसवणारा
अघोरी – अतिशय क्रूर व भयंकर
वटहुकूम – सरकारने तातडीने काढलेला हुकूम
धुळीला मिळणे – पूर्ण नाश होणे
अंगावर काटा येणे – भीतीने शहारणे

स्वाध्याय

१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) शिराळा कोणत्या नदीकाठी वसले आहे?
(आ) जोगळटेंभी येथे कोणत्या राजाची नाणी सापडली?
(इ) जुनी मराठी कागदपत्रे बहुधा कोणत्या लिपीत असत?

२. कारणे लिहा.
(अ) पूर्वी लोक जमिनीत धन पुरून ठेवत.
(आ) पडक्या वाड्यात नाग दिसतो.
(इ) भोंदू माणूस “कोणाला सांगू नका” अशी अट घालतो.

३. विचार करा व लिहा.
एका शेतकऱ्याला दुसऱ्याच्या शेतात काम करताना चाळीस हजार रुपये किमतीचे धन सापडले. त्याचा मालक कोणीही नाही. कायद्याप्रमाणे कोणाला किती वाटा मिळेल? शेतकऱ्याने प्रथम काय करावे?

४. पाठातील असे पाच शब्द शोधा, जे उर्दूतही आहेत. प्रत्येक शब्दाचा मराठी वाक्यात उपयोग करा.

५. उपक्रम : तुमच्या घरातील किंवा शेजारच्या वडीलधाऱ्या माणसांकडून गुप्तधनाची एखादी गोष्ट मिळवा. तिच्यातील कोणता भाग खरा असू शकेल आणि कोणता भाग कल्पनेचा आहे, याची वर्गात चर्चा करा.