परिसर-पाठ : कर्मचारी नसलेले रेल्वेस्थानक

इयत्ता चौथी व पाचवी. तासिका : दोन.

एका शाळाभेटीत मी मुलांना विचारले, "ज्या स्थानकावर रेल्वेचा एकही माणूस नाही, तेथे तिकीट काढावे काय?" एक चुणचुणीत मुलगा म्हणाला, "साहेब, तेथे पाहायला कोण आहे?" वर्ग हसला. मला मात्र त्या उत्तरात या पाठाची निकड दिसली.

प्रस्तावना. मौदा गावी रेल्वे नाही. परंतु तालुक्याच्या उत्तर भागातून नागपूर–गोंदिया लोहमार्ग जातो. चाचेर, रेवराल, खात ही स्थानकांची नावे मुलांच्या कानांवर असतातच. तेथून आरंभ करावा.

विषयविवेचन. मोठ्या स्थानकावर स्टेशनमास्तर, सिग्नल व रुळांचे फाटे असतात. हॉल्ट म्हणजे केवळ थांबा. तेथे फलाट, नावाची पाटी व फार तर एखादी शेड असते. वेळापत्रकाप्रमाणे चालक गाडी थांबवितो. उतारू चढले-उतरले की गार्डच्या इशाऱ्यावर ती सुटते. (२०२२ पासून गार्डला 'ट्रेन मॅनेजर' हे नाव मिळाले आहे.) अनेक हॉल्टवर नेमलेला एजंट जवळच्या स्थानकातून तिकिटे आणून कमिशनवर विकतो. वऱ्हाडातील मूर्तिजापूर–यवतमाळ नॅरोगेजवर 'शकुंतला' धावत होती, तेव्हा गार्डच तिकिटे देत असे.

पाठाचे मर्म. विकलेले तिकीट ही हॉल्टची हजेरी होय. प्रवासीसंख्या व उत्पन्न पाहूनच हॉल्ट ठेवावा की बंद करावा, हे ठरते. फुकट प्रवास करणारा गाडीत बसतो, पण हिशेबात येत नाही. पटसंख्या घटली म्हणजे लहान गावच्या शाळेवर काय प्रसंग येतो, हे आपणांस सांगावयास नको. हॉल्ट बंद झाल्यास बाजाराला, दवाखान्याला जाणाऱ्यांचीच पायपीट वाढते.

कृती.
१. अंगणात खडूने तीन मापांचे रूळ आखावेत : नॅरोगेज ७६२, मीटरगेज १०००, ब्रॉडगेज १६७६ मिलिमीटर. नागपूर–राजनांदगाव मार्ग १८८० च्या दशकात मीटरगेज होता. बंगाल-नागपूर रेल्वेने तो पुढे ब्रॉडगेज केला. इतवारी–नागभीड हा नॅरोगेज मार्ग रुंदीकरणासाठी २०१९ मध्ये बंद झाला.
२. वर्गात हॉल्ट मांडावा. एक एजंट, एक गार्ड, दहा उतारू. तिघांनी तिकीट काढू नये. एजंटाने हिशेब फळ्यावर लिहावा. 'या हॉल्टवर किती माणसे येतात?' या प्रश्नाला रेल्वेस मिळणारे उत्तर मुलांनीच शोधावे.
३. रुळांजवळ मुलांना नेऊ नये. थांबलेल्या गाडीखालून जाऊ नये, रूळ ओलांडू नयेत, गाडी पूर्ण थांबल्यावरच उतरावे, हे नियम वर्गातच करून दाखवावेत.

समारोप. शेवटी पहिलाच प्रश्न पुन्हा विचारावा. "पाहायला कोणी नाही, म्हणून आपणच पाहायचे," हे उत्तर मुलांकडून आपणहून आले, तर पाठ साधला असे समजावे. ते आपण सांगून टाकू नये.